सुटं वचन आणि सलग अध्याय

(एका स्मृती व्याख्यानमालेत छत्रपती संभाजीनगर येथे दिलेलं व्याख्यान)



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, त्यांच्या वर्गात पुस्तक मिटल्यावरच धडा सुरू व्हायचा असं त्यांचे विद्यार्थी सांगतात. त्यामुळे विषय शोधायला मला लांब जावं लागलं नाही. ख्रिस्ती उपासनेत शास्त्र तोंडपाठ म्हणण्याची जी रीत आहे, तिच्याविषयी बोलणार आहे. माझं मत आधीच सांगून टाकतो, म्हणजे ज्यांना ते पटणार नाही त्यांना खोडून काढायला पुरेसा वेळ मिळेल. आपल्या मंडळ्यांमधून पाठांतर गेलेलं नाही, पण त्याचे तुकडे झाले आहेत. अध्याय होता त्याचं वचन झालं, आणि वचनाला बक्षीस लागलं. हे आपण मराठी ख्रिस्ती लोकांनी होऊ द्यावं याचं मला जास्त वाईट वाटतं, कारण शास्त्र सलग म्हणण्याची परंपरा आपल्या घरची आहे.

हे शहरही त्या बाबतीत श्रीमंत आहे. रमजान लागला की इथल्या मशिदींमध्ये रात्रीच्या तरावीहच्या नमाजाला हाफिज उभे राहतात आणि महिनाभरात अख्खं कुराण न बघता म्हणून पुरं करतात. मागे उभ्या असलेल्यांत दुसरा एखादा हाफिज असतो, एक शब्द चुकला तरी तो दुरुस्त करतो. विहारांमध्ये त्रिशरण, पंचशील आणि बुद्धवंदना पालीतून म्हटली जाते. 1956 च्या धम्मदीक्षेनंतर एका पिढीच्या आत लाखो घरांनी एका संपूर्ण नव्या भाषेतली वंदना पाठ केली, याचं आपल्याला पुरेसं आश्चर्य वाटत नाही. आणि इथून 50 किलोमीटरवर पैठण आहे. तिथे एकनाथांनी शके 1506 मध्ये, म्हणजे 1584 साली, ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली. लोकांच्या तोंडी आणि नकलांमध्ये पाठभेद शिरले होते, ते त्यांनी निवडून काढले. ग्रंथ लोकांच्या तोंडात होता म्हणूनच तो निवडावा लागला, कपाटात असता तर त्याला वाळवी लागली असती, पाठभेद लागले नसते.

एकनाथ हयात असतानाच, 1579 साली, थॉमस स्टीफन्स नावाचा एक इंग्रज जेझुइट गोव्यात उतरला. सासष्टीत राहून तो मराठी शिकला आणि 1616 साली राशोलच्या छापखान्यातून त्याचं क्रिस्तपुराण बाहेर पडलं. मराठी माणसाला हे नाव माहीत असतं, पण बहुधा मराठी भाषेची स्तुती करणारा परदेशी पाद्री एवढ्यापुरतंच. त्या ग्रंथाचा वापर कसा व्हायचा, ते मात्र आपण विसरतो. पैलें पुराण आणि दुसरें पुराण असे त्याचे दोन भाग, एकूण 95 अवस्वरु म्हणजे अध्याय, ओव्या 10,962. देवनागरीचे खिळे नव्हते म्हणून तो रोमी लिपीत छापला. पण ओवी डोळ्यांसाठी नसतेच, ती म्हणण्यासाठी असते. नवख्रिस्ती लोकांकडून आधीची पुराणं काढून घेतली होती, त्या रिकाम्या जागी काही तरी ऐकायला, म्हणायला हवं होतं. स्टीफन्सने नुसतं प्रश्नोत्तरांचं कोरडं पुस्तक पुढे केलं नाही, पुराण दिलं. मिस्सा संपल्यावर, सणावारी, विशेषतः उपवासकाळात देवळांमध्ये त्याचं पठण व्हायचं, आणि गोव्याहून कानडा किनाऱ्यावर गेलेल्या ख्रिस्ती कुटुंबांनीही ते तिकडे जपलं. पुढे 1684 साली पोर्तुगीज सरकारने देशी भाषांविरुद्ध फर्मान काढलं. पहिल्या तीन आवृत्त्यांची एकही प्रत आज हाती नाही. जे टिकलं ते हस्तलिखितांमुळे आणि म्हणणाऱ्यांमुळे. 1907 साली मंगळूरहून ते पुन्हा छापून निघालं.

म्हणजे मराठीतलं पहिलं मोठं ख्रिस्ती काव्य जन्मालाच आलं ते कथानक म्हणून, मोठ्याने आणि सलग म्हणण्यासाठी. हा मुद्दा मला पुढे लागणार आहे.

मराठवाड्याकडे यायचं तर मध्ये अडीचशे वर्षांची उडी घ्यावी लागते. इथल्या मंडळ्यांचा गोव्याशी थेट संबंध नाही. आपला वंश वेगळा. 1843 साली ख्रिस्ती झालेले नारायण शेषाद्री फ्री चर्च ऑफ स्कॉटलंडचे मिशनरी म्हणून जालन्याला आले आणि निजामाचे दिवाण सालारजंग यांनी दिलेल्या जमिनीवर त्यांनी बेथेल हे गाव वसवलं. औरंगाबादेत, म्हणजे याच शहरात, चर्च मिशनरी सोसायटीचं काम अनेक वर्षं पाहिलं ते रतनजी नवरोजी यांनी, जन्माने पारशी. वैजापूरच्या बाजूला, घोगरगाव-बोरसर परिसरात, फ्रान्सिस द सेल्सच्या संघाचे फादर आले. स्कॉटिश, अँग्लिकन, कॅथलिक, अशा तीन तऱ्हा झाल्या. पण ज्यांच्यामध्ये काम झालं ती माणसं बहुतेक एकाच जागची होती, गावकुसाबाहेरची. त्यांना अक्षरओळख नव्हती, आणि नव्हती म्हणजे होऊ दिली नव्हती.

या माणसांच्या हाती छापील शुभवर्तमान देऊन काय होणार? मराठी नवा करार सेरामपूरला 1811 सालीच छापला गेला होता, विल्यम केरी आणि वैजनाथ पंडितांच्या कष्टांतून. अख्खं बायबल 1847 सालापर्यंत तयार झालं. पुस्तक होतं, वाचणारा नव्हता. म्हणून मास्तर, म्हणजे धर्मशिक्षक, दिवेलागणीनंतर वस्तीत बसायचा. तो अर्धी ओळ म्हणायचा, शेतातून आलेली माणसं तीच ओळ मागून म्हणायची. मग दुसरी अर्धी, मग दोन्ही मिळून. प्रभूची प्रार्थना, दहा आज्ञा, विश्वासांगीकार, तेविसावं स्तोत्र. बाप्तिस्म्याच्या आधी एवढं यायलाच हवं. बायाबापड्यांनी ते मुखोद्गत केलं आणि रविवारी उभं राहून म्हटलं.

इथे थोडं थांबतो. ज्या जातींच्या कानांवर वेद पडणंसुद्धा गुन्हा ठरवलं होतं, त्या जातींतली बाई देवळात उभी राहून शास्त्र मोठ्याने म्हणते आहे आणि गोरा साहेब, काळा पाळक, सगळे ऐकताहेत. मिशनच्या कागदांत याची नोंद 'पाठांतर समाधानकारक' अशा थाटाची असेल. पण त्या बाईच्या बाजूने पाहिलं तर तिला मिळालेला हा पहिला जाहीर आवाज होता. शिवाय हा निजामाचा मुलूख. कचेरीची भाषा उर्दू, वरच्या शिक्षणाची उर्दू. ती राजवट संपेपर्यंत, म्हणजे 17 सप्टेंबर 1948 पर्यंत, या भागात मराठी मोठ्याने, दिमाखात म्हणण्याच्या जागा मोजक्याच होत्या. भजन-कीर्तन ही एक, आणि पत्र्याच्या छपराखालची ख्रिस्ती उपासना ही दुसरी. मराठवाड्यातल्या मराठीचा इतिहास लिहिताना ही दुसरी जागा कुणी नोंदवत नाही. नोंदवावी.

आता पाठांतराची दुसरी बाजू. ती जितक्या स्पष्टपणे पंडिता रमाबाईंनी मांडली तितकी दुसऱ्या कुणी मांडली असेल असं मला वाटत नाही, कारण त्या पाठांतराच्याच घरात जन्मल्या. वडील अनंतशास्त्री डोंगरे, आई लक्ष्मीबाई. आईने मुलीला संस्कृत शिकवलं आणि भागवत पाठ करून घेतलं, त्याचे 18,000 श्लोक. तीर्थोतीर्थी हिंडणारं हे पुराणिकांचं कुटुंब. देवळात, घाटावर, झाडाखाली बसून पुराण म्हणायचं, लोक फुलं, धान्य, पैसे ठेवून जायचे. रमाबाईंनी पुढे आपल्या साक्षीत लिहिलं आहे की पुराणाचा अर्थ लोकांच्या भाषेत सांगण्याची रीत नव्हती. ऐकण्यानेच पुण्य लागतं, कळण्याची गरज नाही, असा समज. दुष्काळात आई-वडील गेले आणि त्या पुण्याचा हिशेब या मुलीच्या मनात कायमचा चुकला.

1883 साली बाप्तिस्मा घेतलेल्या या बाई पाठांतर सोडून देतील असं कुणालाही वाटलं असतं. त्यांनी तसं केलं नाही. केडगावला मुक्ती मिशनमध्ये त्यांनी शास्त्र शिकवलं आणि पाठही करून घेतलं. पण त्याआधी एक गोष्ट हाती घेतली. प्रचलित मराठी बायबल संस्कृतप्रचुर होतं, खेड्यातल्या बाईला कळत नव्हतं. म्हणून त्या हिब्रू आणि ग्रीक शिकल्या आणि आयुष्याची अखेरची अनेक वर्षं एकटीने अख्खं बायबल सोप्या मराठीत आणण्यात घालवली. खिळे जुळवायला मुक्तीतल्याच मुली होत्या. शेवटचे कागद तपासून झाले आणि 5 एप्रिल 1922 रोजी त्या गेल्या. पुस्तक 1924 साली प्रसिद्ध झालं. 18,000 श्लोक ज्या स्मरणशक्तीत मावले होते, तिने ठरवलं की पाठ करायचं ते आधी कळलं पाहिजे. पाठांतराच्या बाजूने बोलणाऱ्याने, म्हणजे मीही, हे सतत डोक्यात ठेवायला हवं. आपल्या कॅथलिक बांधवांनी तर हे वेगळ्या मार्गाने अनुभवलं आहे. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेपर्यंत, म्हणजे 1960 च्या दशकापर्यंत, वेदीवरची सेवा करणारी पोरं लॅटिन उत्तरं धडाधड म्हणायची आणि त्यातलं एक अक्षर त्यांना कळत नसे. मराठी मिस्सा सुरू झाल्यावर आपण आजवर काय म्हणत होतो ते कळून अनेकांना धक्काच बसला असेल.

मग पाठांतराचे तुकडे का झाले? याला एक तांत्रिक कारण आहे. मुळात शास्त्राला अध्याय नव्हते आणि वचनांचे आकडे तर नव्हतेच. आजचे अध्याय स्टीफन लँग्टन यांच्या नावावर आहेत, तेराव्या शतकाच्या सुरुवातीचे. नव्या कराराच्या वचनांचे आकडे रोबेर एस्तिएन या मुद्रकाने 1551 साली घातले. संदर्भ शोधायला सोय झाली, पण पुढे आकडा हीच मोजणी झाली. 1872 साली अमेरिकेत संडे स्कूलसाठी सगळ्यांना एकसारखे धडे ठरले आणि प्रत्येक धड्याला एक वचन डोक्यावर मिळालं. हेच आपलं 'सुवर्णवचन'. मिशनच्या बोटीतून ते इथे आलं आणि रुजलं. मुलांना एका आठवड्यात एक वचन झेपतं, हे खरं. वाईट काही नाही. पण मोठं झाल्यावरही माणूस तिथेच राहतो.

स्पर्धेत काय चालतं ते आपण सगळ्यांनी पाहिलं आहे. पोरगं येतं, हात मागे बांधतं, आधी पत्ता सांगतं, 'स्तोत्रसंहिता तेवीस, एक ते सहा', आणि श्वास न घेता सुटतं. परीक्षक पेन्सिल घेऊन बसलेला. 'आणि' राहिला, अर्धा गुण गेला. मुलाने मेंढपाळ कुठे म्हटला, मृत्युच्छाया कुठे म्हटली, आवाजावरून काही समजत नाही. टाळ्या, स्टीलचा डबा, पुढचा स्पर्धक.

सुट्या वचनाचा याहून मोठा धोका मोठ्यांना आहे. यिर्मयाच्या एकोणतिसाव्या अध्यायातलं अकरावं वचन आपल्याकडे कॅलेंडरांवर, दुकानांवर, लग्नपत्रिकांवर छापलेलं असतं. देवाच्या मनात तुमच्याविषयी चांगले बेत आहेत, अशा आशयाचं. त्याच्या आधीचं दहावं वचन किती जणांना पाठ आहे? त्यात बाबेलच्या बंदिवासाची 70 वर्षं सांगितली आहेत. म्हणजे ऐकणाऱ्यांपैकी बहुतेकांच्या हयातीत काही घडणार नव्हतं. दहावं सोडून अकरावं म्हणणं म्हणजे हप्ते न फेडता घराची किल्ली मागणं. आणि हा प्रकार शास्त्रातच नोंदवलेला आहे. मत्तयाच्या चौथ्या अध्यायात अरण्यात येशूची परीक्षा होते, तेव्हा सैतान एक्याण्णवाव्या स्तोत्रातलं वचन म्हणून दाखवतो. वचन पाठ आहे त्याला, आपल्या स्पर्धेत बक्षीस मिळालं असतं. येशू उत्तर देतो ते 'अनुवाद' या पुस्तकाच्या सहाव्या आणि आठव्या अध्यायांतून, तेही तोंडपाठ. पण ज्या अध्यायांतून तो म्हणतो ते अरण्यातल्या चाळीस वर्षांचे आहेत, आणि तो स्वतः अरण्यात उभा आहे. दोघांनाही वचन पाठ होतं, पण येशूच्या ओठांवर त्या वचनामागचा अख्खा प्रसंग होता.

जुन्या मंडळीने हे ओळखलं होतं. इजिप्तच्या वाळवंटातले संन्यासी टोपल्या विणताना स्तोत्रं म्हणत. बेनेडिक्टच्या नियमात दर आठवड्याला दीडशेच्या दीडशे स्तोत्रं पुरी व्हायची सक्ती आहे. 787 साली निकियाला भरलेल्या धर्मसभेने ठरवलं की ज्याला स्तोत्रसंहिता पाठ नाही त्याला बिशप करू नये. आजच्या बिशपांविषयी मी काही बोलणार नाही, एक-दोन जण समोर बसण्याची शक्यता आहे.

स्तोत्रं घडवलेलीच पाठ होतील अशी आहेत. ओळीचा पहिला अर्धा एक गोष्ट सांगतो, दुसरा अर्धा तीच फिरवून सांगतो. पहिला जिभेवर आला की दुसरा आपोआप येतो. 136 व्या स्तोत्रात 26 वचनं आहेत आणि प्रत्येकाच्या शेवटी एकच पालुपद, वारकऱ्याला हे समजावून सांगावं लागणार नाही. 119 वं स्तोत्र सगळ्यांत लांब, 176 वचनांचं. हिब्रू वर्णमालेच्या 22 अक्षरांवर आठ-आठ वचनं, म्हणजे मूळ पाठ करणाऱ्याला अक्षरांची शिडीच लावून दिलेली. गद्याचंही तसंच. मार्ककृत शुभवर्तमान अवघं 16 अध्यायांचं. ॲलेक मॅककॉवेन या इंग्रज नटाने 1978 साली लंडनच्या रंगभूमीवर ते एकट्याने, जवळजवळ रिकाम्या मंचावर, पहिल्यापासून शेवटपर्यंत म्हटलं आणि लोक तिकीट काढून आले. देवळात फुकट वाचलं जातं तेव्हा डुलक्या काढणारी माणसं तिथे जागी राहिली. कारण वाचणारा कागदाकडे बघतो, सांगणारा माणसांकडे.

त्याचा मराठी नमुना मी वैजापूरकडच्या एका खेड्यात पाहिला आहे. एसटीत वाहक म्हणून निवृत्त झालेले एक काका, उपवासकाळातली संध्याकाळची उपासना, वीज गेलेली. पाळकांनी शास्त्रपाठ सांगितला आणि काका पुस्तक न घेताच पुढे आले. मार्कचा चौदावा अध्याय. पेत्र वाड्याच्या अंगणात शेकोटीपाशी बसला आहे आणि दासी त्याला ओळखते, त्या जागी ते आले. दासीचं बोलणं त्यांनी आमच्या भागातल्या बाईच्या ठसक्यात म्हटलं. पेत्राचा पहिला नकार सहज, दुसरा जरा तुटक, तिसरा शिव्याशापांसकट. मग थांबले. कोंबडा म्हणायच्या आधीच पुढच्या ओळीतली एक मुलगी कुजबुजली, 'आता आरवणार.' काकांनी तिच्याकडे पाहिलं आणि मान हलवली. पेत्र रडला ते वाक्य त्यांनी अगदी साधं म्हटलं, जागा सांगून तिकीट द्यावं तसं. नंतर विचारलं तेव्हा म्हणाले, 'गाडी रिकामी परत यायची ना, तेव्हा म्हणायचो. ड्रायव्हर मुसलमान होता, तो चुका काढायचा.' मला ही आपल्या जिल्ह्यातली उत्तम धर्माची शाळा वाटते.

स्क्रीनविषयी फार बोलत नाही. प्रोजेक्टर आला, मोबाइलमध्ये चार-चार भाषांतरं आली, बरं झालं, म्हाताऱ्यांना अक्षर मोठं दिसतं. एक अडचण मात्र खरी आहे. एकाच बाकावर एकाकडे जुनं बायबल सोसायटीचं, दुसऱ्याकडे सोप्या मराठीतलं, तिसऱ्याकडे फादर दिब्रिटोंचं सुबोध. एका आवाजात म्हणायला लागलं की तिसऱ्या शब्दाला गोंधळ. घरी हवं ते वाचावं, पण मंडळीने मिळून म्हणायला एक पाठ ठरवून घ्यावा. कोणता, यावर भांडत बसू नये. फादर दिब्रिटोंचं नाव निघालं म्हणून आठवण करून देतो, की 2020 साली उस्मानाबादच्या, आताच्या धाराशिवच्या, साहित्य संमेलनाचे अध्यक्ष म्हणून मराठवाड्याने त्यांना ऐकलं. मराठी ख्रिस्ती माणसाचा आवाज ऐकायला हा प्रदेश तयार असतो. म्हणणारे हवेत.

शेवटची गोष्ट, आणि हीच माझी विनंती. गुड फ्रायडेला आपल्याकडे दुपारी तीन तासांची उपासना होते, वधस्तंभावरचे सात उद्गार सात जण समजावून सांगतात. चौथा उद्गार, 'माझ्या देवा, माझ्या देवा, तू माझा त्याग का केलास?', ही बाविसाव्या स्तोत्राची पहिली ओळ आहे. अनेक अभ्यासकांचं म्हणणं असं की त्या काळच्या यहुदी श्रोत्याला पहिली ओळ ऐकताच अख्खं स्तोत्र आठवत असणार, कारण त्याला ते पाठ होतं. आपण मात्र त्या एका ओळीवर वीस-वीस मिनिटं बोलतो आणि देवाने देवाला का टाकलं याच्या शंकांमध्ये अडकतो. स्तोत्र तिथे थांबत नाही. ते हाडं निखळल्याच्या, कपडे वाटून घेतल्याच्या यातनांमधून जातं आणि सभेच्या मध्ये उभं राहून स्तुती करण्यापर्यंत, अजून न जन्मलेल्या लोकांपर्यंत पोचतं. ऐकणाऱ्याला हे सगळं सलग ऐकू आलं, तर प्रवचनकाराचं अर्धं काम झालेलं असेल.

तेव्हा येत्या गुड फ्रायडेला छावणीतल्या, शहरातल्या, वैजापूर-गंगापूरच्या प्रत्येक मंडळीत चौथ्या उद्गाराचं प्रवचन अर्ध्याने कमी करा. त्या वेळात मंडळीतल्या एकाने, शक्यतो जो एरवी व्यासपीठावर येत नाही अशाने, बाविसावं स्तोत्र पुस्तक न घेता, सावकाश, पहिल्यापासून शेवटपर्यंत म्हणावं. गुण देऊ नका, बक्षीस ठेवू नका. एकूण 31 वचनं आहेत, आणि दिवसाला एक घेतलं तरी महिन्यात पाठ होतात.